दरबाराबाहेरचा वकील

न्यूझीलंडमधल्या लोअर हटला मुलाकडे येऊन मला पाच महिने झाले होते आणि बारा वर्षांची नात माझ्याशी मराठीत एकही वाक्य बोलली नव्हती. समजायचं सगळं. पाणी मागितलं की पाणी यायचं, सोबत "हिअर यू गो, आजी" यायचं. पुण्यात पस्तीस वर्षं मी शाळेत इतिहास आणि मराठी शिकवलं. परतीचं तिकीट पुढच्या महिन्याचं होतं. तिच्या तोंडून, तिच्या मनातलं, एक तरी मराठी वाक्य ऐकून जायचं एवढीच माझी इच्छा होती.

तेवढ्यात इथल्या मराठी मंडळाने मुलांसाठी मराठी वक्तृत्व स्पर्धा जाहीर केली. सूचना अर्थात इंग्रजीत होती. विषय, इतिहासातली एक व्यक्ती. नातीने शाळेत एका जुन्या अमेरिकन माणसावर प्रोजेक्ट केलंच होतं. मुलगा म्हणाला, "आई, तेच मराठीत करून दे ना. हीप्स ऑफ टाइम वाचेल."

"ही वॉज इन काँग्रेस," नात म्हणाली आणि मी कपाळाला हात लावला. मग कळलं, ही काँग्रेस अमेरिकेतली, देश नुकता जन्माला येत होता तेव्हाची. त्या सभेने या सभासदाला रशियाला धाडलं, आमच्या देशाला मान्यता मिळवून ये म्हणून. दरबारात फ्रेंच चाले, ती याला धड येईना, म्हणून चौदा वर्षांचा एक मुलगा दुभाषा म्हणून बरोबर नेला होता. गृहस्थ दोन वर्षं तिथे राहिले. महाराणीने एकदाही बोलावलं नाही. शेवटी परत आले. असल्या माणसावर प्रोजेक्ट कशाला?

"बिकॉज नोबडी एल्स पिक्ड हिम," ती म्हणाली.

भाषण मी लिहिलं. डिप्लोमॅटला शब्द कोणता यावर घरात खल झाला. सून म्हणाली, "आई, राजदूत लिहा ना." मी म्हटलं, राजदूत म्हणजे ज्याला दरबारात खुर्ची मिळते तो, याला कुठे मिळाली? वकील लिहायचं. पेशव्यांचे वकील दरबारोदरबारी असत.

"अगं, लोक लॉयर समजतील," मुलगा म्हणाला.

"समजू देत." याच हट्टापायी माझ्या दोन मुख्याध्यापिका मुदतीआधी निवृत्त झाल्या होत्या. नातीला मात्र नीट समजावलं. आपल्या माणसांनी दुसऱ्याच्या घरी पाठवलेला माणूस, तो वकील. "स्वीट अ‍ॅज," ती म्हणाली, म्हणजे इकडच्या भाषेत झकास.

स्पर्धेत तीन मुलांनी एकच राजा निवडला होता आणि तिघांच्या दाढ्या एकाच दुकानातल्या होत्या. नातीने ळ चा ल करत भाषण घडाघडा म्हटलं. मी सुटकेचा निःश्वास सोडला, तेवढ्यात परीक्षक म्हणाले, "छान हं बाळ. पण एवढा वकील होता, तर तो केस जिंकला की हरला?"

मी उठणारच होते. सुनेने माझा हात धरून ठेवला.

याचं उत्तर मी लिहून दिलेलं नव्हतं. "तो कोर्टवाला वकील नाही," नात हळूहळू म्हणाली. "वकील म्हणजे दुसऱ्याच्या घरी राहतो तो. त्याला तिकडचं बोलता येत नाही. त्याला कोणी काही विचारत नाही. तो सोफ्यावर बसून वाट बघतो. माझी आजी वकील आहे."

हॉल खो खो हसला. टाळ्याही पडल्या. मुलगा फोनमध्ये बघू लागला. मला तो हशा झोंबला, खोटं कशाला बोलू? आणि त्याच वेळी माझ्यातली मास्तरीण मोजत होती, एक नाही, सहा वाक्यं, सगळी तिची स्वतःची.

तिला उत्तेजनार्थ बक्षीस मिळालं. गाडीत ती माझ्याशेजारी बसली आणि बराच वेळ बक्षिसाची रिबन उलगडत राहिली. मग कुजबुजली, "आजी, मी चुकला?"

"माझं चुकलं का, असं म्हणायचं."

"माझं चुकलं का?"

"नाही गं," मी म्हटलं. "तुझं एक अक्षर चुकलं नाही."