आत घेतलेली कंबर

बाईंचा निम्मा जन्म लोकांच्या पँटी सैल नि घट्ट करण्यात गेला. पण गेल्या वर्षभरात सगळ्यात जास्त वेळा त्यांनी एकाच माणसाची पँट आत घेतली. नवऱ्याची.

नवरा किल्ल्या बनवायचा. पोटात गाठ निघाली आणि दोन महिन्यांत हा गडी नव्या चर्चच्या स्टेजवर चढून, माइक हातात घेऊन, "मी बरा झालो!" असं ठासून सांगून आला. लोकांनी हॉल डोक्यावर घेतला. हात वर केलेला त्याचा फोटो मोठा करून हॉलच्या दारातच लावला. झालं! आता आजारी असायची सोयच उरली नाही. तिथल्या पाळकसाहेबांची, म्हणजे पाद्रीबाबांची, शिकवण सरळ होती: आरोग्य आणि भरभराट हा देवाच्या लेकरांचा हक्क, आणि दुखणं तोंडातून काढलं तर ते आणखी चिकटतं. पाळकसाहेबांच्या स्वतःच्या पँटी बाईंनी तीनदा सैल करून दिल्या होत्या. भरभराट नेमकी कुठं जाते, हे बाईंना ठाऊक होतं.

थोरल्या नणंदेला हे मुळीच पटेना. ती जुन्या चर्चची. एकदा येऊन भावाला म्हणाली, "अरे, प्रभूसुद्धा क्रूसावर 'तहान लागली' म्हणाला. तुला दुखतंय म्हणायला काय धाड भरलीय?"

"ताई, माझा विश्वास डळमळवू नकोस," तो म्हणाला आणि भिंत धरून आत गेला.

डॉक्टरांची औषधं केव्हाच सुटली होती. घरात तो "बरा आहे" म्हणायचा, बाई "हो" म्हणायच्या. रविवारी पँट ढगळ दिसू नये म्हणून दर महिन्याला कंबर एक बोट आत. या खोटेपणाचा बाईंना वीट आला होता. नवरा हातातून चालला आहे, हे दोघांनाही कळत होतं. जाण्याआधी त्यानं एकदा तरी खरं बोलावं, म्हणजे त्याचा नीट निरोप घेता येईल, एवढंच त्यांना हवं होतं. पण विषय काढायची चोरी होती.

शनिवारी दुपारी तो पँट घेऊन मशीनपाशी आला. "उद्या पुन्हा स्टेजवर साक्ष द्यायचीय. जरा आत घे."

बाईंनी पँट उलटी करून पाहिली. मागचे दोन्ही खिसे एकमेकांना टेकले होते.

"अहो, आता जागाच नाही."

तो त्या खिशांकडे बघत राहिला. मग गिऱ्हाइकाच्या स्टुलावर मटकन बसला.

"दुखतं गं. फार दुखतं."

"कधीपासून?"

"स्टेजवर होतो ना, तेव्हासुद्धा दुखत होतं."

बाईंना रडू फुटलं आणि हायसंही वाटलं. त्यांनी डोळे पुसले, कात्री घेतली आणि वर्षभराची शिवण उसवायला घेतली.

"उद्या कुठं जायचं नाही," त्या म्हणाल्या. "सांगा आता, कुठं कुठं दुखतं?"

तो सांगू लागला. पुष्कळ होतं.