म्हैस पसंत, नवरदेव परत

आमच्या घरातून एकदा एका म्हशीला लग्नासाठी पसंती कळवली गेली आणि एका चांगल्या कमावत्या मुलाला पाणी आढळलं म्हणून परत पाठवण्यात आलं. दोन्ही कामं मीच केली.

माले गावात माझं दूध संकलन केंद्र आहे. त्याच खोलीत, त्याच कॉम्प्युटरवर, माझी बायको सुनंदा वधूवर सूचक केंद्र चालवते. दोघांचे प्रोग्रॅम वेगळे, पण बनवून देणारा एकच. दूध तपासलं की माझा प्रोग्रॅम शेतकऱ्याला मेसेज पाठवायचा, स्थळ ठरलं की तिचा पाहुण्यांना. आता, प्रोग्रॅमला थेट मोबाईलशी बोलता येत नाही. मधे एक फाइल लागते, तिला लायब्ररी म्हणतात. प्रोग्रॅम तिच्या कानात निकालाचा आकडा सांगतो, ती त्याचं नीट वाक्य करून पुढं कळवते. (हे मला नंतर समजलं. आधी समजलं असतं तर लिहायला काही उरलंच नसतं!)

कॉम्प्युटर हळू चालतोय म्हणून एका सकाळी मी त्याची साफसफाई काढली. दुधाच्या फोल्डरमध्ये नावही वाचता येईना अशी एक फाइल दिसली. उडवली.

"अवो, काय उडवलंत?" सुनंदानं विचारलं.

"आपण न बनवलेली फाइल व्हती. आपल्या घरात कशाला?"

"तुमी बनवलेलं या घरात काय हाय?"

मी ऐकलं नाही असं दाखवलं. पण दूध घ्यायला बसलो तर प्रोग्रॅम सुरूच होईना. लायब्ररी सापडत नाही म्हणे! बाहेर किटल्या घेऊन रांग उभी. शोधता शोधता सुनंदाच्या फोल्डरमध्ये अगदी त्याच नावाची फाइल दिसली. उचलली तिची नक्कल आणि दिली माझ्याकडे टाकून. प्रोग्रॅम सुरू! हिंजवडीतल्या कंपन्यांनी मला अजून कसं बोलावलं नाही, याचं मला नवल वाटलं.

नवल फार टिकलं नाही. नुकतेच दूध घालून गेलेले दगडूकाका मोबाईल नाचवत परत आले.

"हे वाच! 'आपले स्थळ गाय. पत्रिका जुळत नसल्याने नकार. क्षमस्व.' माझ्या गायीची पत्रिका कुणी मागितली रं?"

"माझी तर दुसऱ्या वेताची हाय," मागून आवाज आला, "तिला आता कशाला स्थळ?"

सगळे चिडले. एकटे बबनअण्णा मोबाईलकडे बघून गालात हसले आणि म्हशीला धुवायला घरी गेले. मला तेव्हाच शंका यायला हवी होती.

घाबरून मी कचरापेटीतून माझी मूळ फाइल काढली आणि परत ठेवली. कॉम्प्युटरनं विचारलं, आधीची पुसून ही ठेवू का? म्हटलं, ठेव बाबा. ठेवली त्यानं. फक्त फोल्डर सुनंदाचा होता!

आता नेमकं त्याच दिवशी माझ्या भाचीचं ठरायचं होतं. रूपाली आमच्याकडेच वाढलेली. सगळ्या स्थळांना नाक मुरडणाऱ्या या पोरीला रिहे गावचा महेश आवडला होता. मुलगा सॉफ्टवेअरमध्ये, कामासाठी हिंजवडीजवळ जांबे गावात खोली घेऊन राहणारा. "मामी, कळवा त्यांना," एवढं बोलून ती आत पळाली. सुनंदानं हसत बटण दाबलं. आणि महेशच्या वडिलांना, म्हणजे नानांना, मेसेज गेला, "नमुना महेश. तपासणीत पाणी आढळले. माल परत न्यावा. पुन्हा आढळल्यास कायमचे बंद."

दुसऱ्या दिवशी सकाळी जीप दारात! नाना, त्यांची बायको, मागं महेश. आणि त्याच वेळी समोरून बबनअण्णा. डोक्याला कोरा फेटा, हातात दावं, दाव्याला म्हैस. शिंगं रंगवलेली, गळ्यात झेंडूची माळ. त्यांना मेसेज आला होता, "आपले स्थळ म्हैस. आम्हांस पसंत आहे. पुढील बोलणीसाठी यावे." अण्णांना वाटलं, गिऱ्हाईक लागलं.

"तुमीच का बघाया आलेले?" अण्णांनी नानांना विचारलं. "लई गरीब हाय. लाथ मारत न्हाई."

नाना दचकले. "पोरगी लाथ मारती?"

"कवातरी. पर पाठीवर हात फिरवला की गप ऱ्हाती."

"अगं बाई!" अण्णांनी पुढं धरलेला मेसेज वाचून नानांची बायको म्हशीकडं बघत किंचाळली. "आमच्या पोराला नाकारून हिला पसंत केलं व्हय?"

सुनंदा माझ्याकडं बघत होती. म्हैसही माझ्याकडं बघत होती. दारात रूपाली डोळे पुसत उभी होती. "मामा, काय केलंत तुमी?" तिनं एवढंच विचारलं, आणि माझा सगळा शहाणपणा गळून पडला.

"कॉम्प्युटर बघू का जरा?" महेश हळूच म्हणाला. बसला, दोन्ही फोल्डर उघडले आणि पोट धरून हसायला लागला.

"फायली उलट्या बसल्यात," तो म्हणाला. "लग्नाच्या प्रोग्रॅममध्ये एक म्हणजे पसंत, शून्य म्हणजे नकार. दुधाच्या प्रोग्रॅममध्ये शून्य म्हणजे शुद्ध. आणि एक म्हणजे पाणी घातलेलं!"

सगळे हसले. मग हसू थांबलं. काल एकाच माणसाला पसंती गेली होती. सगळ्यांच्या माना हळूहळू बबनअण्णांकडे वळल्या.

अण्णांनी फेटा काढला. "विहिरीचं व्हतं," ते म्हणाले. "चांगलं पाणी हाय."

दुरुस्तीला मदत म्हणून महेशनं रूपालीला शेजारी बसवून घेतलं. नानांचा दुसरा चहा झाला तरी दुरुस्ती संपेना. मी डोकावलो. फायली केव्हाच जागेवर बसल्या होत्या आणि दोघं गप्पा मारत होती. सुनंदानं मला बाहीला धरून मागं ओढलं. "त्यांचं त्यांना बोलू द्या. तुमी मधी पडू नका."

लग्न पौडच्या कार्यालयात झालं. मला माईक, मोबाईल, कशालाच हात लावू दिला नाही. फाटकापाशी उभं राहून येणाऱ्या गाड्यांना वाट दाखवायची, एवढंच काम दिलं.

नवरदेवाची गाडी मी शेजारच्या कार्यालयात पाठवली.