लोखंडी कढईतली मेहंदी

जिंतूरच्या आमच्या घरी महिन्यातला एक रविवार मेहंदीचा असायचा. त्या दिवसाची आठवण आली की मला आधी वास येतो, मग ऊन दिसतं आणि माणसं सगळ्यात शेवटी. ओला पाला, उकळलेल्या चहाचं पाणी आणि लोखंड, सगळ्याचा मिळून एकच वास. आदल्या संध्याकाळी सासूबाई मोठ्या लोखंडी कढईत मेहंदी भिजत घालायच्या. तिच्यात आवळ्याची पूड, थोडा कात आणि आठवडी बाजारातून आणलेली कसली तरी सुटी काळी पूड. सकाळपर्यंत सगळं काळंभोर. मग अंगणात तीन पाट मांडले जायचे, आणि सासूबाई, नणंद आणि मी डोक्याला लेप थापून, जुन्या धोतराच्या फडक्यात डोकी गुंडाळून उन्हात बसायचो. फारसं कुणी बोलायचं नाही. डोळे आपोआप मिटायचे. रस्त्यानं कापसाचा ट्रॅक्टर जायचा, त्याचा आवाज लांबून यायचा आणि लांबच राहायचा. आपण जागे आहोत का झोपलोत, हेही कळायचं नाही.

मी पेडगावची. लग्न होऊन आले तेव्हा ट्रंकेत परभणीच्या पार्लर कोर्सचं प्रमाणपत्र होतं, आणि तोंड असं तिखट की माझी आईच म्हणायची, ही आठ दिवसांत परत येती बघा. आले नाही, ते नणंदेमुळं. ती तेव्हा विशीची. रस्त्याकडची खोली वहिनीला पार्लरला द्या म्हणून तिनं आईच्या मागं असा लकडा लावला की शेवटी सासूबाईंनी तिथल्या ज्वारीच्या कोठ्या स्वतः हलवल्या. एक आरसा, एक फिरती खुर्ची, केस धुवायला एक बेसिन. झालं माझं पार्लर.

नणंदेचे केस कमरेच्या खाली. सकाळी अंघोळ, मग ओल्या केसांनीच गळ्यातल्या लिंगाची पूजा, कपाळाला विभूती, आणि त्यानंतर सासूबाई लेकीची वेणी घालायला बसायच्या. लेक बावीस वर्षांची झाली तरी. त्या डोक्याला दुसऱ्या कुणाचा हात लागलेला नव्हता. माझ्या हातात तो कंगवा यायला दोन वर्षं लागली. एके दिवशी सासूबाईंनी तो नुसता माझ्याकडं सरकवला आणि आत निघून गेल्या. मला त्या दिवशी सून झाल्यासारखं वाटलं, खरं सांगते, लग्नात नव्हतं वाटलं.

मग तिचं लग्न जमलं. तारीख वैशाखातली, आणि त्याआधी माघात दोघांचे फोटो काढायचे ठरले, येलदरीच्या धरणावर, पाण्याला पाठ करून. हल्ली काढतातच सगळे. नणंद मला म्हणाली, केसांत चार-सहा बटा सोनेरी करून द्या, उन्हात चमकल्या पाहिजेत. आईला मी सांगते. तिनं सांगितलंही. सासूबाईंनी मला एवढंच विचारलं, केसाला काही होणार नाही ना? मी म्हणाले, आत्या, मी आहे ना. आमच्यात सासूला आत्याच म्हणतात.

आता मला ब्लीच काय करतं ते माहीत नव्हतं असं नाही. केसावर बारीक खवले असतात, घराच्या कौलांसारखे एकावर एक बसलेले. ब्लीच ती कौलं उचकटतं, आत शिरतं आणि आतला काळा रंग खातं. काळ्याचा तांबडा होतो, तांबड्याचा नारिंगी, नारिंगीचा पिवळा. तिथं थांबायचं असतं. कौलं मात्र पुन्हा पहिल्यासारखी बसत नाहीत. पाणी भसकन आत जातं, भसकन बाहेर येतं, केस कोरडा पडतो, गुंततो, तुटतो. म्हणून औषध सौम्य घ्यायचं, टाळूला लावायचं नाही, दर पाच मिनिटांनी उघडून बघायचं. आणि सगळ्यात आधी मानेजवळचे चार केस कापून वाटीत ब्लीच लावून बघायचे, काय होतं ते. आमच्या कोर्सच्या मॅडमनी हे बजावून बजावून शिकवलं होतं. पाऊण तासाचं काम. मी ते केलं नाही. गिऱ्हाइकाचं केलं असतं. घरच्या माणसाची कसली आलीय टेस्ट, असं मला वाटलं. माझा शहाणपणा मला नडला तो असा.

मी तिला रीतसर विचारलं मात्र होतं, केसाला आजवर कधी रंग लावलास का? ती म्हणाली, कधीच नाही. ती खोटं बोलली नाही. आमच्या घरात मेहंदीला कुणी रंग धरतच नव्हतं. ती तेलासारखी होती, शिकेकाईसारखी. आणि मीही तेच धरून बसले, मी, जी दर महिन्याला त्याच कढईतून तिच्या आणि सासूबाईंच्या डोक्यावर लेप थापत होते.

दुपारची वेळ होती. खिडकीतून उन्हाची पट्टी तिच्या मांडीवर पडली होती. मी सहा बटा वेगळ्या केल्या, ब्लीच लावलं, चांदीच्या कागदात गुंडाळलं. तिला पेंग आली होती. ती डोळे मिटून धरणाचं काहीतरी बोलत होती, वाऱ्यानं ओढणी उडाली तर फोटोत कशी दिसेल, असलं. मग म्हणाली, "वैनी, गरम लागायलंय."

मी म्हणाले, थोडं लागतंच गं.

थोड्या वेळानं मी कागदाला हात लावला आणि चटका बसला. कागदाच्या तोंडातून वाफ येत होती. तिला ओढत बेसिनपाशी नेलं, गार पाणी सोडलं, कागद सोडवले. टाळूला काही झालं नव्हतं, तेवढं एक नशीब. पण ओल्या बटा बोटांत धरल्या तर शिजलेल्या शेवयांसारख्या लांबत गेल्या, आणि एक बट, कानाच्या खालून, माझ्या हातात आली. ती तिला दिसू नये म्हणून मी मूठ मिटली. पण समोर आरसा होता. पार्लरमध्ये सगळीकडं आरसाच असतो.

सासूबाई आल्या, बघितलं, खाली वाकून फरशीवरचे केस एक एक करून उचलले आणि निघून गेल्या. मी त्यांच्या पाठीमागं बडबडत होते. पावडर खराब निघाली, दुकानदारानं जुना माल दिला, आपलं बोअरचं पाणीच असलं जड. त्यांनी मला शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. भांडणाऱ्याशी मला भांडता येतं. गप्प बसणाऱ्याचं काय करायचं ते मला अजून येत नाही. दुसऱ्या दिवशी मी नणंदेचे केस खांद्यापर्यंत कापले, कारण अर्धे लांब आणि अर्धे तुटके ठेवून ते रोज आणखी तुटले असते. कापलेली वेणी सासूबाईंनी फडक्यात बांधली. आणि त्या दिवसापासून त्यांनी स्वतःच्या डोक्याला माझा हात लावू दिला नाही. फोटो काही झाले नाहीत. नवऱ्या मुलाकडं काय सांगितलं, ते मला कुणी सांगितलं नाही.

पुढच्या मेहंदीच्या वेळी अंगणात एकच पाट होता, सासूबाईंचा. त्यांची झाल्यावर कढई घासायला मी घेतली. तळाचा काळा थर नखानं खरवडताना बोटांना गंज लागला, आणि मॅडमचा आवाज जसाच्या तसा कानात आला. केसावर लोखंडाचा, धातूचा अंश असेल तर ब्लीच पेटतं, बायांनो. आमच्या घरात विंचरलेले केस कुणी फेकत नाही. केसांवर भांडी देणारी बाई येते, तिच्यासाठी ते कोनाड्यातल्या पिशवीत साठवतात. त्यातला एक गुंता मी घेतला, पार्लरच्या वाटीत ब्लीच कालवलं आणि त्यात टाकला. वाटी तळहातावर धरून उभी राहिले. हळूहळू ती कोमट झाली, मग गरम.

पावडर चांगली होती. दुकानदार चांगला होता. पाण्याचाही काही दोष नव्हता.

हे मला कळलं आणि मी कुणालाच सांगितलं नाही. तोंडाळ बाईचं तोंड नेमकं तिथंच शिवलं गेलं.

पण नणंद रोज दुपारी येऊन माझ्यापुढं बसायची. का बसायची, देव जाणे. वैशाखापर्यंत हिचे उरलेले केस तगले पाहिजेत, एवढंच माझ्या डोक्यात होतं. तुटलेला केस कशानं सांधत नाही, कुणी कितीही बाटल्या विको. आहे तो राखायचा आणि मुळातून नवा यायची वाट बघायची. धुवायच्या आधी तासभर खोबरेल, म्हणजे केस पाणी कमी पितो. धुवायला बोअरचं नव्हे, नळाला चार दिवसांनी येणारं धरणाचं पाणी, मी घागर भरून वेगळी ठेवायची. पाणी गार. कंडिशनर शेंड्यांना. टॉवेलनं घसाघसा पुसायचं नाही, जुन्या सुती लुगड्याच्या तुकड्यानं नुसतं टिपायचं. कंगवा मोठ्या दातांचा, सुरुवात शेंड्यांकडून, गाठ बोटांनी सोडवायची. ड्रायर नाही, घट्ट रबर नाही. पंधरा दिवसांनी शेंडे कणभर कापायचे.

त्या दुपारी मला स्वप्नात घडल्यासारख्या आठवतात. बाहेर ऊन पांढरं झालेलं, खोबरेलाचा वास, पंखा, आणि माझ्या बोटांत तिचे केस. उरलेल्या दोन-तीन बटांची टोकं नारिंगी राहिली होती, ती पट्टीतल्या उन्हात यायची आणि जायची. आम्ही बोलायचो, पण त्या दिवसाविषयी नाही. कधी ती बसल्या बसल्या झोपायची आणि मी विंचरतच राहायचे, कुठल्या गावात आहे, कितवं वर्ष चालू आहे, काही सुधरायचं नाही. असं वाटायचं, ही दुपार संपू नये, म्हणजे मला सांगावं लागणार नाही.

चैत्रात एके दिवशी माझं मलाच सहन होईना. कंगवा मी तिच्या मांडीवर ठेवला.

"पावडर चांगली होती," मी म्हणाले. "चूक माझी होती. कढईतल्या मेहंदीचं मला सुचायला पाहिजे होतं. टेस्टसुद्धा मी केली नाही."

ती वळली नाही. "मला ठाव हाय," म्हणाली. "तुमी वाटीत केस टाकून बघितलं त्या दिवशी मी दारातच हुते."

"मग बोलली का नाहीस?"

"तुमी कवा सांगता ते बघायलते."

एवढे दिवस. एवढे दिवस ती सगळं जाणून माझ्या हातात डोकं देऊन बसत होती. मी ढसाढसा रडले, तिच्याच ओढणीत. संध्याकाळी स्वयंपाकघरात जाऊन सासूबाईंनाही सांगून टाकलं. त्या भाकरी थापत होत्या. थापता थापता थांबल्या, म्हणाल्या, "कढई तर माझी हुती." आणि तव्यावर भाकरी टाकली. त्यानंतर ती कढई परसात पालथी पडली ती पडलीच. मेहंदीही थांबली. पण डोकं त्यांनी माझ्या हातात दिलं नाही.

लग्नाच्या सकाळी कार्यालयातल्या बायकांच्या खोलीत मी नवरीला आवरत होते. केस खांद्याच्या जरा खाली आले होते, मऊ, गुंता नसलेले. मला त्यांचा अभिमान वाटत होता. तेवढ्यात सासूबाई आल्या. हातात ते फडकं. त्यात गंगावन होतं. कापलेल्या त्याच वेणीचं, केसांवर भांडी देणाऱ्या बाईकडून गुपचूप बांधून घेतलेलं. लांब, काळंभोर, आणि मधून मधून तीन-चार तांबूस तारा. त्या दिवशी फरशीवरून उचललेले केसही त्यांनी त्यात घातले होते.

हिच्या केसांना जोडलं की वेणी लांब दिसेल, कुणी काही विचारणार नाही, असं त्या मला म्हणाल्या. लेकीशी नाही, माझ्याशी. किती दिवसांनी. मी गंगावन हातात घेतलं आणि नणंदेच्या मानेशी नेलं. तिनं माझं मनगट धरलं.

"नको आई," ती म्हणाली. "डोक्यावर जेवढे हायत तेवढे वैनीनं राखलेत. मी तेवढेच घेऊन जाते."

मी ते गंगावन परत फडक्यात ठेवू लागले. सासूबाईंनी ते माझ्या हातातून घेतलं, मग पुन्हा माझ्याच हातात दिलं, आणि खाली चटईवर माझ्याकडं पाठ करून बसल्या. पदर काढला, काटे काढले. त्यांचे पिकलेले, विरळ केस मोकळे झाले. शेवटची मेहंदी लावून दोन महिने होत आले होते, मुळाशी बोटभर पांढरं दिसत होतं.

"मंग मला लाव," त्या म्हणाल्या.

मी शेंड्यांकडून विंचरायला सुरुवात केली, गाठ बोटांनी सोडवली, त्यांच्या केसांत लेकीचे केस गुंफले आणि अंबाडा घातला. लेक गाडीत बसायला निघाली तेव्हा मी दोघींच्या मागं होते. लेक पुढं, खांद्यावर केस मोकळे. आई तिच्या मागं, पदर डोक्यावरून खाली आलेला, आणि दुपारच्या उन्हात अंबाड्यातल्या त्या तांबूस तारा दिसत होत्या. त्यांनी पदर वर ओढला नाही.