मावशींनी काढायला लावलेला भाग

वेल्हे तालुक्यातल्या डोंगरजमिनी बंगल्यांसाठी विकल्या जात होत्या. मी त्यावर माहितीपट करत होते. ज्यांच्या घरी मी उतरत असे, त्या मावशींनी म्हशीची धार काढता काढता कॅमेऱ्यासमोर सांगितलं होतं : वडील गेल्यावर भावाने हक्कसोडपत्रावर सही घेतली, साडी नेसवली आणि वर्षभरात जमीन विकली. माहितीपट या बोलण्यावर उभा होता.

चित्रण ज्याचं त्याला आधी दाखवायचं, ही माझी पद्धत. ओट्यावर लॅपटॉप ठेवला. मावशी आधी हसल्या, मग पदर तोंडाला लावून बसल्या.

"ह्ये काढा, ताई. भावाच्या पोरीचं लगीन हाय. आत्या म्हणून हळद म्या लावायची. ह्ये बघितलं तर भाऊ दारात उभं करनार न्हाई."

"चेहरा पुसट करता येईल. आवाजही बदलता येतो."

"आन् म्हशीचं काय करनार? तिलाबी समदं गाव वळखतंय."

"पण मावशी, हे खरं आहे."

"खरं हाय म्हणून तर काढा म्हणते. खोटं असतं तर म्याच दाखवा म्हणले असते."

दुसऱ्या बायका हे बघून सही करण्याआधी विचार करतील, असं मी म्हणाले. "त्यांचं म्हायेर त्यांनी बघावं," त्या म्हणाल्या. मी त्यांच्यासमोर तो भाग पुसला.

"गेलं?"

"इथून गेलं. दुसरी प्रत पुण्यात आहे."

मावशी उठल्या, लुगडं बदललं, सुनेला दुधाचं सांगितलं आणि माझ्या गाडीत येऊन बसल्या. "चला."

पुण्याच्या वाटेवर, नसरापूरच्या अलीकडे त्या आपणहून बोलू लागल्या. सहीच्या दिवशी कोण कोण होतं, त्यांनी भावाकडे काय मागितलं, तो काय म्हणाला. कॅमेऱ्यासमोर सांगितलं त्याहून हे कितीतरी नेमकं होतं. कॅमेऱ्याची पिशवी मागच्या सीटवर होती.

"मागं काय बघता, ताई? रस्ता बघा."

ते बोलणं इथे लिहिलेलं नाही. बाकीचेही काही तपशील बदलले आहेत. तेवढ्याने भागतं का, मला ठरवता आलेलं नाही.

पुण्यात प्रत पुसली. मावशींनी दोनदा खात्री करून घेतली. स्वारगेटला वेल्ह्याच्या एसटीत बसल्यावर त्यांनी खिडकीतून हाक मारली.

"हळदीला या बरं का. क्यामेरा आणा. भाऊ आन् म्या, दोगांचं घ्या."

हळद पुढच्या आठवड्यात आहे. मी अजून काही कळवलेलं नाही.