उजव्या खांद्यावरचं फूल

हे मी बायकोलाही सांगितलेलं नाही. देवीला सांगायची गरज नव्हती — ती तिथंच होती. म्हणजे माणसांत तुम्ही पहिलेच.

मी गुरव. उजनीच्या पाण्याकाठी, केळीच्या बागांत आमचं गाव. यमाईची पूजा आमच्या घराकडं. आमचा माणूस जन्मभर देवीच्या वतीनं बोलतो, स्वतःचं बोलायची सवयच राहत नाही. तेव्हा जरा अडखळेन. चालवून घ्या.

रतनताईंपासून सुरुवात करतो — ते सोपं आहे, आणि आनंदाचंही. आज त्या सोलापूरला जिल्हा परिषदेत आमच्या गटाच्या सदस्य आहेत. त्या बोलायला उठल्या की साहेब लोक हातातला चहा खाली ठेवतात म्हणे. मला आठवते ती त्यांची पहिली ग्रामसभा. पदराआडून "नमस्कार" एवढंच म्हणाल्या आणि घाईनं बसल्या — जिथं खुर्ची नव्हती तिथं! तीच बाई पुढं गावचा ट्रान्सफॉर्मर जळाला तेव्हा भाकरीचं गाठोडं घेऊन वीजवाल्यांच्या हापिसात जाऊन बसली. साहेबांनाही वाढलं. म्हणाली, "जेवा सायब, सावकाश जेवा. ट्रान्सफॉर्मर मिळंपर्यंत मी हितंच हाय." दुसऱ्या दिवशी ट्रान्सफॉर्मर गावात.

आधी सरपंच, मग पंचायत समिती, मग जिल्हा परिषद. आणि प्रत्येक भाषणाची सुरुवात एकच — "मला कुना पुढाऱ्यानं आनलं न्हाय. मला यमाईनं कौल दिला." टाळ्यांचा कडकडाट. सगळ्यात जोरात टाळ्या कोण वाजवायचं? मागं उभा असलेला गुरव.

का, ते सांगतो. थांबा — आधी कौल म्हणजे काय ते सांगायला हवं.

आमचं सरपंचपद पहिल्यांदा बाईला राखीव झालं तेव्हा दोन अर्ज आले. एक रतनताईंचा, एक वत्सलावहिनींचा. आदल्या निवडणुकीतली भांडणं अजून बांधाबांधावर चालू होती, म्हणून गावानं ठरवलं, मतदान नको, देवीला विचारू. आमच्यात दोन फुलं पाण्यात भिजवून देवीच्या दोन खांद्यांना चिकटवतात. ज्याचं फूल आधी पडेल, त्याला होकार. उजवं वत्सलावहिनींचं, डावं रतनताईंचं. जिचं मागं राहील तिनं तहसीलला जाऊन अर्ज काढून घ्यायचा.

खरी सरपंच कोण, हे गावाला ठाऊक होतं. वत्सलावहिनी सातवी शिकलेल्या. त्यांनी एक शंभर पानी वही केली होती, खाकी कव्हर घालून. कुठल्या वस्तीला पाणी नाही, शाळेत मुलींना संडास कुठं बांधायचा, एसटीचा थांबा कुठं हवा — सगळं वस्तीवार लिहिलेलं. रतनताईंचा अर्ज नवऱ्यानं भरला होता, त्यांना न विचारता.

पण वहिनींची जीभ! भर ग्रामसभेत एकदा म्हणाल्या, "यमाईची हिरवी साडी परवा बाजारात दिसली. म्या म्हटलं आई निघाली कुटं? जवळ जाऊन बगते तर आत गुरवाची मेव्हनी!"

गाव इतकं हसलं की देवळाच्या शिखरावरची कबुतरं उडाली. आणि ते खोटं होतं का? नव्हतं. ओटीच्या साड्या गुरवाच्या, ही रीत आहेच. पण चांगल्या साड्या मी सासरवाडीला पोचवत होतो आणि देवीला जुनेरं नेसवत होतो. वहिनी म्हणाल्या, सरपंच झाले की पहिलं रजिस्टर साड्यांचं.

मी हसण्यावारी नेलं. घरी आलो — जेवण गेलं नाही.

तर आता सांगूनच टाकतो. कौलाच्या दिवशी गाभाऱ्यात मी एकटा, लोकांकडं पाठ. शेजारी पंचामृताची तयारी होती. उजव्या फुलाला मी पाणी लावलं नाही. मध लावला.

डावं फूल आरतीच्या दुसऱ्या कडव्याला पडलं. गुलाल उधळला. उजवं? ते दुसऱ्या दिवशी स्नान घालताना मला नखानं खरवडून काढावं लागलं.

पुढची गंमत ऐका. गुलाल अंगावर असतानाच वत्सलावहिनींनी ती वही रतनताईंच्या हातात दिली. "घे. आईनं तुला बोलावलंय, काम तरी माजं कर." रतनताई पानापानानं कामं करत गेल्या, आणि तीन वर्षांत शेवटच्या पानावर आल्या. तिथं काय होतं? साड्यांचं रजिस्टर! तेव्हापासून ते माझ्याच अक्षरात भरलं जातंय. साड्या गावातल्या पोरींच्या लग्नात जातात, आणि माझी मेव्हणी साड्या विकत घेते.

तुम्ही म्हणाल, मग वाईट काय झालं? मीही स्वतःला हेच विचारून बरीच वर्षं सुखानं झोपलो.

पण गावात कोण कौल घेत नाही? बोअर पाडायचं, सोयरीक जमवायची, दवाखान्यात जायचं, सगळे येतात. वत्सलावहिनी दर मंगळवारी येतात, ओटी भरतात आणि जातात. लेकीच्या लग्नाला विचारलं नाही. नवऱ्याच्या ऑपरेशनलाही नाही. मी एकदा म्हणालो, कौल लावू का? हसल्या. "नको भावजी. एकदा न्हाय म्हनली ती. आईला सारकं सारकं तोंड वाकडं कशाला करायला लावायचं?"

देवीनं आपल्यात काहीतरी कमी पाहिलं, असं ही बाई इतकी वर्षं धरून चालली आहे. हसत चालली आहे. आणि ते कमी म्हणजे थेंबभर मध.

सरपंचपद आता पुन्हा बाईला राखीव झालंय. गेल्या मंगळवारी रतनताई स्वतः देवळात आल्या, वहिनींचा हात धरला. "अक्का, आता तू. वही तुजी, कामं तुजी, मी नुसती सही केली. उद्या अर्ज भरू."

वहिनींचे डोळे असे चमकले की — मी पाहिलं ते. मग त्यांनी हात सोडवून घेतला.

"मला आईचा नकार हाय, रतन." आणि माझ्याकडं वळल्या. "तुमीच लावला हुता की कौल, भावजी. खरं का न्हाय?"

देवी समोर. दोघी माझ्याकडं बघत होत्या.

"व्हय," मी म्हणालो.

मग वहिनींचा नारळ फोडला आणि अर्धी भकल त्यांच्या हातात दिली. त्यांनी ती कपाळाला लावली.