महिपतला ऐकू येणारी हाक

लग्नाचं शूटिंग करणाऱ्या माणसानं कलेच्या नादी लागू नये, असं माझं स्पष्ट मत आहे. मीरा रोडच्या आमच्या स्टुडिओतला माझा भागीदार महिपत २००६ साली नेमका त्याच नादी लागला. फिल्म कसली, तर अकरा मिनिटं नुसती रिकामी खाडी आणि मागे तीन आवाज: त्याचा, बहिणीचा, आईचा. तिघांनी एकच सकाळ सांगायची, एकमेकांचं न ऐकता.

ती सकाळ त्याचे वडील परशुराम बुडाले तेव्हाची. अंधारात होडी काढताना त्यांनी बत्ती धरायला हाक मारली आणि सहा वर्षांच्या महिपतनं झोपेचं सोंग घेतलं. सोबत कुणी असतं तर ओरडलं तरी असतं, असं गाव म्हणायचं. दर पितृपक्षात आई पान घेऊन अंगणात कावळ्याची वाट बघायची, तेव्हा घरात बहीण मनोरमाताई त्याला ही हाकेची गोष्ट सांगायची. ती त्याच्याहून आठ वर्षांनी मोठी. महिपतला ती हाक ऐकू यायची, तोंडावर ओढलेल्या गोधडीचा वाससुद्धा आठवायचा. ते सोंग आईला कळलं होतं का, एवढंच त्याला विचारायचं होतं. सरळ विचारायची छाती नव्हती, म्हणून हा खटाटोप.

खारी गावातल्या त्यांच्या घरात आईची पाळी आली. मनोरमाताईनं बाहेर थांबायचं ठरलं होतं, पण ती आईला चिकटून बसली. उठेचना. मला तिचा रागच आला. मी माइक धरला. महिपतनं रेकॉर्डर सुरू केला.

"आये, बाबानं मला हाक मारली, तवा मी जागा होतो. तुला म्हाईत होतं?"

त्याच्या आईनं, चंद्रावतीबाईंनी, मान हलवली. "तू व्हतास कुठं घरी? तू वसईला, मामाकडं. हाक मनोरमाला मारली व्हती. जागी व्हती ही, मी बघितलं. पण पोर हाय, म्हणून मी बोलली न्हाय कधी."

मनोरमाताईनं मान खाली घातली. मला वाटलं, सुटला बिचारा. तीस वर्षांचं ओझं एका वाक्यात उतरलं. आता हा बहिणीला फाडून खाणार, आणि खाल्लंच पाहिजे.

महिपतनं ताईकडे बघितलं. मग आईसमोर बसून त्यानं तिचा हात हातात घेतला.

"न्हाय आये. तुला नीट आठवत न्हाय. मी घरीच होतो. हाक मलाच मारली होती."

म्हातारी गोंधळली. एकदा लेकीकडे, एकदा लेकाकडे बघून म्हणाली, "असंल बाबा. तुलाच म्हाईत."