सुभेदारांचे संशयित

सुभेदारांना खुनी पाचव्या मिनिटाला सापडायचा आणि तो हमखास चुकीचा असायचा. फौजेतून निवृत्त होऊन ते साताऱ्यात आमच्या शेजारी आले, तेव्हा मी एक इंग्रजी मालिका बघत असे. नारळाच्या झाडांचं बेट, निळा समुद्र, दर भागात एक खून आणि तो शोधणारा ढेरपोट्या इन्स्पेक्टर. सुभेदार रोज संध्याकाळी यायचे. त्यांना इंग्रजी येत नसे, म्हणून मी मराठीत सांगत जायची. मागे काकू, म्हणजे त्यांची बायको, मेथी निवडत बसायच्या.

"त्यो टोपीवाला. लिहून ठेव," सुभेदार म्हणायचे. दहा मिनिटांत टोपीवाल्याचाच मुडदा पडायचा. "मंग पश्चात्तापानं मेला आसंल," असं म्हणून ते चहा मागायचे.

खुनांपेक्षा त्यांना त्या पोलिसांच्या उघड्या बटणांचा राग जास्त. असलं बेट आपण आठ दिवसांत सरळ केलं असतं, हे ते दर भागाला ऐकवत.

पहिला सीझन संपला आणि आमच्या गच्चीवरून वाळवणाच्या कुरडया नाहीशा होऊ लागल्या. सुभेदारांनी मालिकेतल्यासारखं सगळ्या बिऱ्हाडांना पार्किंगमध्ये जमवलं, हात मागे बांधून दोन फेऱ्या मारल्या आणि तळमजल्यावरच्या गुरुजींकडे बोट केलं. गुरुजी एकटे राहणारे, अबोल. ते घरात गेले आणि त्यांनी दार लावून घेतलं.

तिसऱ्या दिवशी भरदुपारी गच्चीच्या कठड्यावर एक वानर निवांत कुरडई खाताना सगळ्यांनी पाहिलं.

सुभेदारांनी पुन्हा सगळ्यांना पार्किंगमध्ये बोलावलं. या वेळी ते छातीवर पदकं लावून आले होते. गुरुजींसमोर उभं राहून त्यांनी कडक सलाम ठोकला. "गुरुजी, गुन्हेगार मी हाय. माफी आसावी."

गुरुजींनी, चहा घेणार का, एवढंच विचारलं. पुढच्या सीझनला तेही येऊन बसू लागले. मग दोघं मिळून चुकायचे.

गेल्या वर्षी सुभेदार गेले. परवा काकू स्वतःहून आल्या आणि त्यांनी ती समुद्राची मालिका पहिल्यापासून लावायला सांगितली. पहिलाच मुडदा सापडला, तशा त्या म्हणाल्या, "मेव्हणीनं केलंय." मेव्हणीच निघाली. दुसऱ्या भागातही त्यांचंच खरं झालं.

आधी बघितलंय म्हणून लक्षात असेल, असं मी म्हटलं.

"न्हाई गं. मला तवाच कळायचं."

"मग सांगितलं का नाही कधी?"

"सांगितलं आसतं, तर त्यांनी यायचंच बंद केलं आसतं. मंग रोज सांजच्याला घरात मलाच सावधान-विश्राम."

एवढं बोलून त्या हसल्या आणि पडद्याकडे वळल्या. मी तिसरा भाग लावला.